आधी क्षमा, मग कबुली

शनिवारी दुपारी चार वाजता मास्तरांनी पाळकांच्या घरी, जेवणाच्या टेबलावर, क्षमा मागितली. ती कोणाकडे मागितली आणि कशाबद्दल मागितली, हे टेबलाभोवतीच्या बाकी पाच जणांपैकी कोणालाही नंतर नीट सांगता आलं नाही.

"माझ्याकडून कळत-नकळत कोणाचं मन दुखावलं गेलं असेल," मास्तर म्हणाले, "तर ते दुखावलं जायला नको होतं."

मास्तरांनी उभा जन्म चर्चच्या मंडळीची क्वायर, म्हणजे गायकवृंद, शिकवण्यात घालवला होता. श्वास कुठे घ्यायचा आणि कुठे चोरायचा हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. 'मन' या शब्दानंतर त्यांनी तो घेतला, आणि 'दुखावलं' अर्ध्या आवाजात सोडून दिलं. पुढे आणखी काही येईल म्हणून सगळे थांबले. आला तो चहा.

टेबल मोठं होतं, बारा माणसं बसतील असं. आधीच्या पाळकांनी, म्हणजे आताच्या पाळकांच्या वडिलांनी, ते मंडळीच्या खर्चाने करून घेतलं होतं. पाळकाच्या घरचं टेबल अर्धं मंडळीचंच असतं, असं ते म्हणत. मास्तर त्यांचे धाकटे भाऊ. मोठा भाऊ बोलायचा, धाकटा गायचा, आणि दोघांमध्ये मिळून रविवार पार पडायचा. मोठे जाऊन सहा वर्षं झाली होती. टेबलाच्या टोकाची त्यांची खुर्ची रिकामी ठेवायची असं कोणी ठरवलं नव्हतं, पण तिथे कोणी बसतही नव्हतं. खुर्चीमागच्या भिंतीवर चौकटीत निळ्या धाग्याने भरलेलं वचन होतं: प्रीती पापांची रास झाकून टाकते. आताच्या पाळकांच्या आईने ते लग्नाच्या पहिल्या वर्षी भरलं होतं. 'रास'मधला काना वाकडा गेला होता. उसवायचा म्हणून राहिला, तो राहिलाच.

आई रिकाम्या खुर्चीच्या उजव्या हाताला बसली होती, तिच्याशेजारी तिचा मुलगा, म्हणजे आताचे पाळक. समोर मास्तर आणि त्यांची बायको, काकू. सूनबाई, म्हणजे पाळकांची बायको, जी शाळेत रसायनशास्त्र शिकवत असे, चहा ओतत होती. आणि ज्या एका माणसासाठी ही बैठक होती ती आईची धाकटी मुलगी, दाराजवळच्या खुर्चीत, पर्स मांडीवर ठेवून बसली होती. घरात तिला चष्मेवाली म्हणत. आधी त्यात चिडवणं होतं, कारण पाळकाच्या मुलीने दुकान काढलं होतं. मग निम्म्या मंडळीच्या नाकावर तिने बसवलेले चष्मे आले आणि चिडवणं आपोआप बंद झालं.

सुरुवात तिच्याच दुकानात झाली होती, दोन महिन्यांपूर्वी. पाळकांची नऊ वर्षांची मुलगी, चिमणी, डोळे तपासायला आली होती. मागच्या अंधाऱ्या खोलीत, नाकावर लोखंडी चौकट चढवून, ती पाय हलवत बसली होती आणि चष्मेवाली काचा बदलत नेहमीचा प्रश्न विचारत होती: हे बरं की ते बरं?

"ते बरं," चिमणी म्हणाली. "आत्या, मला आता खास सराव आहे."

"कोणी सांगितलं?"

"मास्तरआजोबांनी. सगळ्यांना नसतो. आवाज चांगला असेल त्यालाच."

चष्मेवालीच्या हातातून काच पडली नाही. तिने ती खाचेत ठेवली, दुसरी उचलली, हे बरं की ते बरं असं पुन्हा विचारलं, नंबर काढला, पोरीला तिच्या आईच्या हवाली केलं, आणि मग दुकानाचं शटर दिवसाउजेडी खाली ओढून ती अर्धा तास त्याच अंधाऱ्या खोलीत बसून राहिली. 'खास सराव' हे दोन शब्द तिने पंचवीस वर्षं उच्चारले नव्हते. तिचाही आवाज चांगला होता. तीही तेव्हा एवढीच होती. गायनखोली ऑर्गनच्या मागे होती, तिच्या दाराला आतून कडी होती, आणि बाहेर क्वायरचे झगे अडकवलेले असत, त्यामुळे आतलं बाहेर ऐकू येत नसे.

त्याच संध्याकाळी तिने सगळं भावाला सांगितलं.

पाळकांनी ऐकून घेतलं. याबद्दल त्यांना पुढेही समाधान वाटत राहिलं. आदल्याच वर्षी त्यांनी 'आघात आणि आधार' या विषयावरचं तीन दिवसांचं शिबिर केलं होतं आणि तिथे शिकवलेलं त्यांच्या लक्षात होतं: मध्ये बोलू नका, घाई करू नका, 'मला समजतं' म्हणू नका, क्षमेचा विषय स्वतःहून काढू नका. बहीण बोलत होती तोवर त्यांनी यातलं काहीही केलं नाही. ती बोलायची थांबल्यावर त्यांनी विचारलं, "आपण प्रार्थना करू या?" आणि मग डोळे मिटून, प्रभूला उद्देशून, शिबिरात मना केलेलं सगळं ओळीने बोलून टाकलं. क्षमाही त्यात आली. प्रार्थनेत कोणी मध्ये बोलत नाही, ही तिची मोठी सोय.

तरी ते हातावर हात ठेवून बसले नाहीत. मास्तरांना मुलांच्या क्वायरमधून विश्रांती दिली. मंडळीला कारण गुडघ्याचं सांगितलं. मग मंडळी मास्तरांच्या गुडघ्यासाठी प्रार्थना करू लागली, आणि गुडघा, जो मुळात बरा होता, बरा होईना. पाळकांनी वरिष्ठांच्या, म्हणजे विभागाच्या अधीक्षकांच्या, कानावर सगळं घातलं. अधीक्षक म्हणाले, फार दुःखाची गोष्ट आहे. पण मास्तरांची सेवा मोठी, वय झालेलं, आणि पोलीस वगैरे शब्द मंडळीच्या कानाला बरे लागत नाहीत. घरातल्या घरात समेट होत असेल तर करा. तसा झाल्याचं मला कळवा, मग सोमवारपासून मास्तरांना मुलांचा सराव घेऊ द्या.

म्हणून ही बैठक. समेट झाला, तर सोमवारी दुपारी चार वाजता चिमणी गायनखोलीत जाणार होती.

चहा संपत आला तेव्हा पाळकांनी समेटाच्या उपासनेचा मसुदा काढला. साधीच उपासना, घरच्यांपुरती, याच टेबलावर, ते म्हणाले. आणि वाचू लागले. एक, गीत. दोन, प्रार्थना. तीन, शास्त्रपाठ, मत्तयाच्या शुभवर्तमानाचा अठरावा अध्याय, एकविसाव्या ओवीपासून. चार, क्षमेचे शब्द. पाच, थोडा वेळ शांतता. सहा, कबुली. सात, गीत.

शास्त्रपाठ एकविसाव्या ओवीपासून का, हे त्यांना कोणी विचारलं नाही, आणि त्यांना हायसं वाटलं. एकविसाव्या ओवीत पेत्र विचारतो, किती वेळा क्षमा करू, आणि येशू म्हणतो, सत्तर वेळा सात. त्याच अध्यायाच्या सहाव्या ओवीत येशू म्हणतो की लहानांपैकी एकाला जो अडखळवतो त्याच्या गळ्यात जात्याची तळी बांधून त्याला समुद्रात बुडवणं बरं. पान एकच. पाळकांनी वरचा भाग वेळेअभावी गाळला होता.

सूनबाईने विचारलं ते वेगळंच.

"चार आणि सहा अदलाबदल झालेत का?"

"नाही."

"क्षमा आधी, कबुली नंतर?"

"तो मुद्दाम घेतलेला क्रम आहे," पाळक म्हणाले. हे वाक्य त्यांनी तयार ठेवलं होतं. "कृपा आधी येते. माणूस पश्चात्ताप करतो तो कृपा मिळाल्यावर, ती मिळावी म्हणून नव्हे. आपल्या सगळ्या शिकवणीचा पाया आहे तो."

"ती देवाची कृपा," सूनबाई म्हणाली. "ही तुमच्या बहिणीची आहे. पाया तिच्या अंगणात का खणताय?"

मास्तर हसले. बोलणं घराच्या रीतीने चाललं की ते हसत. ते म्हणाले की सूनबाईंचं बरोबर आहे, क्रम कसाही ठेवा. आपल्याला कबुली द्यायची लाज नाही, प्रभूपुढे दिलेलीच आहे, कधीच दिली आहे. राहता राहिला प्रश्न मुलांचा. नाताळ जवळ आला आहे, आवाज कच्चे आहेत. आपला स्वतःसाठी काही आग्रह नाही.

काकू शेजारी बसून बिस्किटाचे तुकडे करत होती. खात नव्हती.

"तू काही बोलत नाहीस," आई दाराकडे पाहून म्हणाली. दाराकडे पाहणं सोपं होतं. मुलगी दाराच्या अलीकडेच होती.

"मला चौथ्या क्रमांकावर बोलायचंय ना," चष्मेवाली म्हणाली. "अजून पहिलाच चाललाय."

आईला राग आला. आला तो बरा आला, असंही तिला वाटलं, कारण गेल्या दोन महिन्यांत तिला मुलीसमोर नेमकं काय वाटतंय ते कळत नव्हतं, आणि राग ओळखीचा होता. दिराची बाजू घ्यायची तिला हौस नव्हती. दीर तिला कधीच फारसा आवडला नव्हता. लग्नाआधी गाणारा मुलगा म्हणून त्याचंही स्थळ आलं होतं आणि तिने बोलणारा निवडला होता. तिला राखायचं होतं ते समोर बसलेल्याला नव्हे, तर शेजारच्या रिकाम्या खुर्चीला. पोरगी हे सगळं उकरू लागली तर खणत खणत त्या खुर्चीपर्यंत जाणार, हे तिला पहिल्या दिवसापासून दिसत होतं.

म्हणून तिने बायबलातला योसेफ काढला. या घरात कोणी दुखावलं गेलं की योसेफ निघतो, तसा. भावांनी त्याला खड्ड्यात टाकलं, विकलं; तरी शेवटी तो काय म्हणाला? तुम्ही माझं वाईट योजलंत, पण देवाने ते चांगल्यासाठी योजलं. आणि गळ्यात पडून रडला. इतकं मोठं मन ठेवायला हवं.

"रडला ना," चष्मेवाली म्हणाली. "पण त्याआधी त्याने शिमोन या भावाला बाकीच्यांच्या डोळ्यांदेखत बांधून तुरुंगात घातलं. धाकट्याच्या गोणीत पेला लपवून भावांना परत आणवलं. हे बदललेत की नाहीत, ते बघितलं. मग रडला. आणि तेव्हा सगळ्या देशाच्या कोठारांच्या किल्ल्या त्याच्या हातात होत्या, आई. माझ्या हातात इथल्या एका खोलीचीही नाही."

"किल्ल्यांचं काय काढलंस?"

"सहज आलं."

पण आई आता थांबणार नव्हती. किल्लीचा विषय निघालाच होता तर तिच्याकडे सांगण्यासारखं होतं. कित्येक वर्षं तिने ते जपून ठेवलं होतं, आणि आत्ता बाहेर काढलं की घर सावरेल असं तिला खरोखर वाटलं.

"तू बाबांना सांगितलं होतंस," ती म्हणाली. "तेव्हाच. बारा वर्षांची होतीस. मला माहीत आहे, त्यांनी मला त्याच दिवशी सांगितलं."

पाळकांनी मसुदा खाली ठेवला. हे त्यांना नवीन होतं. दोन महिन्यांपूर्वी बहिणीने सगळं सांगितलं होतं, फक्त एवढं सोडून. ते तिच्याकडे पाहत राहिले. आणि त्यांच्या लक्षात आलं की ती त्यांना राखत होती. त्यांना, आणि त्यांच्या उपासनेच्या झग्याला, जो वडिलांचाच होता, लांबीला थोडा कमी केलेला.

"सांगितलं होतं," चष्मेवाली म्हणाली. "बाबा म्हणाले, यापुढे तू क्वायरला जाऊ नकोस, रविवारच्या शाळेत लहान मुलांना शिकव. पुढच्या रविवारी त्यांनी क्षमेवर उपदेश केला. चांगला झाला होता. लोक मागून मागून नेत होते त्याची प्रत."

"आणि किल्ली काढून घेतली!" आई म्हणाली. त्या दुपारी आवाज चढला तो एवढाच. "हे नाही तुला माहीत. त्यांनी काही केलं नाही असं तुला वाटतं ना? गायनखोलीची किल्ली त्यांनी स्वतःच्या हाताने काढून घेतली. सख्ख्या भावाकडून. माझ्यासमोर. त्यांच्या टेबलाच्या खणात ती शेवटपर्यंत होती. अजून आहे. आणून दाखवू?"

कोणी दाखव म्हणालं नाही, तरी ती उठली, आतल्या खोलीत गेली आणि किल्ली घेऊन आली. लांब दांड्याची, दोऱ्यात ओवलेली किल्ली. तिने ती रिकाम्या खुर्चीसमोर, बशीशेजारी ठेवली. वडिलांची बाजू मांडून झाली होती आणि पुरावाही होता. पाळकांच्या चेहऱ्यावर हळूहळू रंग परत आला. मास्तरांनी मान खाली घातली. ती त्यांना शोभून दिसली. दादाने मला शिक्षा केली होती, ते म्हणाले, आणि मी ती भोगली; मला वाटतं त्याने जे बांधलं ते स्वर्गातही बांधलं गेलं, आणि आता सोडवण्याची वेळ आहे.

चष्मेवालीही किल्लीकडे पाहत होती. बाबांनी काहीतरी केलं होतं, हे तिला आजवर ठाऊक नव्हतं. तिचा हात पर्सवरून थोडा सैल झाला, आणि तो सैल झालेला आईने पाहिला.

काकू उठली आणि कपबशा गोळा करू लागली. पाहुणी म्हणून कुठेही गेली तरी ती शेवटी कपबशा गोळा करायचीच. गेली चाळीस वर्षं बैठकीतून उठण्याची तिची तीच पद्धत होती. या घरात काकूचं मत कोणी विचारत नसे, आणि तिलाही त्याची इतकी सवय झाली होती की मत असलंच तर ती ते घरी जाऊन शिवणयंत्रावर बसून काढत असे. क्वायरचे झगे तिने शिवलेले. उपासनेच्या टेबलावरचा कपडा तिने शिवलेला. गायनखोलीच्या दाराला वरच्या भागात एक काच होती. तिचा पडदाही तिनेच शिवला होता. ऊन येतं, मुलांच्या डोळ्यांवर येतं, असं मास्तरांनी सांगितलं होतं. ते दार उत्तरेला होतं. तिला दिशा कळत नव्हत्या असं नाही.

तिने बश्या एकावर एक रचल्या. किल्लीशेजारची उचलताना ती थांबली.

"आणि दुसरी?" ती म्हणाली.

"दुसरी काय?" आईने विचारलं.

"किल्ली. त्या कुलुपाला दोन होत्या. दोन्ही एकाच दोऱ्यात असायच्या." काकू आईशी बोलत होती, नवऱ्याकडे पाहत नव्हती. "भावजींनी एक घेतली. दुसरी यांच्या कोटात होती. दुसऱ्या दिवशी सराव नेहमीसारखाच होता, ताई. मी डबा घेऊन गेले होते. दार लागलेलं होतं."

या टेबलावर हिशेब करायची वेळ कोणावर आली नव्हती, पण प्रत्येकाने मनातल्या मनात केला: चष्मेवाली बारा वर्षांची असल्यापासून ते परवा चिमणीपर्यंत. मधली वर्षं. दर वर्षी चांगल्या आवाजाची एक-दोन मुलं असतातच.

आई बसली. किल्ली अजून तिच्यासमोरच होती. आता ती वडिलांची बाजू मांडत नव्हती. दोनांपैकी एक, एवढंच सांगत होती.

"जुन्या गोष्टी," मास्तर म्हणाले. "तिला आठवत नाही नीट. दुसरी हरवली, केव्हाच. बरं, तुम्हाला बरं वाटत असेल तर हीही इथे ठेवतो." त्यांनी खिशातून किल्ली काढली. हरवलेली असल्याच्या मानाने ती चांगली चकचकीत होती. ती पहिलीच्या शेजारी ठेवताना त्यांनी छोटासा निःश्वास सोडला, पुन्हा एकदा त्याग केलेल्या माणसासारखा. आणि मग घराच्या रिवाजाप्रमाणे त्यांनी आतल्या खिशात हात घातला.

रिवाज असा होता. या घरात भांडण फार वाढलं की मास्तर नादकाटा, म्हणजे सूर लावायचा दोन दातांचा काटा, काढत, गुडघ्यावर आपटत आणि टेबलाच्या कडेला टेकवत. लाकूड गुणगुणू लागे. सूर मिळाला की मग प्रश्नच नव्हता: आई वरच्या पट्टीत, वडील खर्जात, पोरं मधल्या आवाजात, चार आवाजांत गीत सुरू होई, आणि गीत चालू असताना कोणी भांडू शकत नाही. आधीचे पाळक म्हणत, आमच्या घरात आजवर एकही वाद अर्धवट राहिला नाही. ते खरंच होतं. सगळे कडव्याला संपले होते.

काटा गुडघ्यावर आपटला. गुडघा तक्रार न करता उपयोगी पडला. टेबल गुणगुणलं. आईचे ओठ उघडले. सवय तिच्याहून जुनी होती. पाळकांनी श्वास घेतला, तो घेतला गेलाच. चष्मेवालीच्या गळ्यातसुद्धा तो सूर आला; पंचवीस वर्षं न गाताही तो तिथेच होता, आणि त्या क्षणी तिला त्या सुराचा जितका संताप आला तितका मास्तरांचाही आला नसेल.

काकूने हात पुढे केला आणि काटा मुठीत धरला. आवाज बंद झाला.

"आत्ता नको," ती म्हणाली. काटा तिने आपल्या पर्समध्ये टाकला, चेन लावली, आणि कपबशा उचलून आत गेली.

आईचं तोंड काही वेळ तसंच उघडं राहिलं होतं. मग तिने ते मिटलं.

समेट झाला असं कोणी म्हटलं नाही. नाही झाला असंही पाळक म्हणाले नाहीत. ते म्हणाले, आपण यावर प्रार्थनापूर्वक विचार करू. मास्तर कोट चढवून पुढे निघाले. बराच वेळ ते फाटकापाशी काकूची वाट पाहत उभे होते. ती आत भांडी विसळत होती, आणि विसळून झालेली पुन्हा विसळत होती.

दारात चप्पल घालताना चष्मेवाली सूनबाईला म्हणाली, "सोमवारी दुकान बंद ठेवतेय, वहिनी. चौकीवर जायचंय. दादाला मी सांगणार नाही, तू सांग. त्याला प्रार्थनेत सांगितलंस तरी चालेल."

सूनबाई हसली नाही. म्हणाली, चिमणी जाणार नाही, काही झालं तरी. ते मी आज ठरवलेलं नाही, मी दोन महिन्यांपूर्वीच ठरवलंय. पण माझ्या एका पोरीला घरी ठेवून बाकीची पोरं तिथे पाठवायची, हे तर सासऱ्यांनीच करून झालंय.

मागून काकूचा आवाज आला. तिने ओले हात पदराला पुसत विचारलं, "सोमवारी किती वाजता?"

रविवारच्या उपासनेची सूचनापत्रिका सूनबाई टाइप करत असे. मुलांच्या सरावाची सूचना तिसरी. एरवी ती एका ओळीची असायची. रविवारी सकाळी, पाळक दाढी करत असताना, तिने कागद त्यांच्या आरशाखाली ठेवला. तिसरी सूचना अशी होती: मुलांचा सराव बंद आहे. मास्तरांवर मुलांशी केलेल्या गैरवर्तनाचा आरोप आहे आणि तो पाळकांच्या कुटुंबातून झाला आहे. आणखी कोणाला काही सांगायचं असेल, आत्ताचं किंवा जुनं, तर त्याचं ऐकलं जाईल आणि त्याला क्षमा करायला सांगितलं जाणार नाही.

पाळक म्हणाले, शेवटचं वाक्य मंडळीला समजणार नाही. सूनबाई म्हणाली, ज्याला समजायचं त्याला समजेल. पाळक म्हणाले, अधीक्षकांना आधी विचारायला हवं. सूनबाईने त्यांच्या कानामागचा साबण पुसला आणि ती चिमणीची वेणी घालायला गेली. त्यांनी कागद घडी करून शास्त्राच्या पुस्तकात ठेवला. कोणत्या पानात, ते तिने पाहिलं नाही.

दहा वाजता ऑर्गनवर मास्तरच होते. किल्ल्यांबद्दल बोलणं झालं होतं. ऑर्गनबद्दल काही ठरवायचं कोणाला सुचलंच नव्हतं. त्यांनी सुंदर वाजवलं. कोणीतरी मागच्या बाकावर कुजबुजलं की गुडघ्याला उतार दिसतोय. काकू तिच्या नेहमीच्या, ऑर्गनशेजारच्या बाकावर नव्हती. ती शेवटच्या बाकावर चष्मेवालीच्या शेजारी बसली होती, मध्ये एका माणसाची जागा सोडून. आई तिसऱ्या बाकावर होती. तिने नवा चष्मा घातला होता, जो मुलीने महिन्याभरापूर्वी करून दिला होता आणि जो तिने आजपर्यंत डबीतून काढला नव्हता.

गीत झालं, प्रार्थना झाली. पाळक सूचनांसाठी व्यासपीठावर आले. पहिली सूचना स्त्रियांच्या सभेची होती, दुसरी छत दुरुस्तीची. दोन्ही त्यांनी वाचल्या. मग ते थांबले. त्यांनी पुस्तकाच्या कडा सारख्या केल्या. ऑर्गनवर मास्तरांनी पुढच्या गीताचं पान उघडलं आणि बोटं पट्ट्यांवर नुसती टेकवली. पाळक जरा अडले की ऑर्गनने सावरायचं, ही वडिलांच्या वेळेपासूनची सोय होती.

तिसऱ्या बाकावरून आई उठून उभी राहिली. सूचनांच्या वेळी मंडळीत कोणी उभं राहत नाही.

"वाच," ती म्हणाली.

पाळकांनी घडी उलगडली.